गाळीव आयुष्य

लग्नाकार्यात कुणी माझी ओळख करून देताना ‘हे फिल्टर बनवतात’ असं म्हणालं, की पुढचा प्रश्न ठरलेला असतो. ‘‘आमचा आरओ मध्येच टूं टूं वाजतो, काय झालं असेल हो?’’ मी सांगतो, की मी घरातले फिल्टर करत नाही, बाहेरचे करतो. ‘‘बाहेरचे म्हणजे?’’ म्हणजे शेतातले. विहिरीच्या काठावरचे, शेततळ्याच्या बांधावरचे. ज्यांच्या डोक्यावर छप्पर नाही, ज्यांच्या वॉरंटी कार्डाचा पहिल्याच वळवाच्या पावसात लगदा होतो आणि ज्यांची चौकशी करायला वर्षानुवर्षं कुणी फिरकत नाही, असे. एवढं होईपर्यंत समोरचा मठ्ठ्याच्या टेबलाकडे सरकलेला असतो. त्याला मी दोष देत नाही. फिल्टर नीट चालू असेल तर त्याबद्दल बोलण्यासारखं काही उरतच नाही.

घरातला फिल्टर सुखवस्तू असतो. त्याला ओट्यावरची सावली मिळते, महापालिकेनं आधीच एकदा गाळलेलं पाणी मिळतं, अधूनमधून गणवेशातला एक मुलगा येऊन त्याची विचारपूस करतो आणि जाताना घरमालकाच्या हातात बिल ठेवतो. शेतातल्याच्या नशिबी आतून गाळ आणि बाहेरून ऊन. शिवाय तो उभा असतो तिथे माणसं पाय पुसतात, शेळ्या अंग घासतात आणि नळीचं वेटोळं ठेवायला सगळ्यांना त्याचंच डोकं सापडतं.

यातलं ऊन हे प्रकरण लोकांना वाटतं त्याहून कठीण. प्लॅस्टिक पाण्यानं सहसा मरत नाही, उन्हानं मरतं. उन्हातले अतिनील किरण पॉलिप्रॉपिलीनच्या रेणूंच्या लांबलचक साखळ्या तोडत बसतात. आधी रंग उडतो, मग अंगावर पांढरट भुकटी धरते, बोट फिरवलं तर बोटाला लागते. आणि एक दिवस कुणीतरी झाकणावर पाय देऊन उभा राहतो आणि झाकण कडकन तुटतं. यावरचा स्वस्त आणि खात्रीचा उपाय म्हणजे काजळी. प्लॅस्टिकमध्ये दोन-अडीच टक्के कार्बन ब्लॅक मिसळलं, की ऊन ते स्वतःवर घेतं आणि आतल्या साखळ्या वाचतात. ठिबकच्या नळ्या काळ्या असतात त्या यामुळे. पाण्यापर्यंत उजेड पोचत नाही म्हणून आत शेवाळ धरत नाही, हा वरचा फायदा. बाळाच्या गालावर तीट लावतात तसाच हा प्रकार, फक्त इथे दृष्ट सूर्याची असते.

आमच्या विक्री विभागाला मात्र दरवर्षी नवा रंग हवा असतो. मध्यंतरी पोपटी रंगाचा फार आग्रह झाला. कारण, ‘शेतकऱ्याला हिरवा रंग आवडतो.’ शेतकऱ्याला हिरवा रंग पिकात आवडतो, असं मी म्हणून पाहिलं. रंगीत प्लॅस्टिकला ऊन सोसवावं म्हणून घालायची वेगळी रसायनं मिळतात, ती चालतातही. पण ती महाग असतात आणि हळूहळू खर्ची पडतात. काजळी खर्ची पडत नाही. बैठकीत हे सगळं सांगितल्यावर साहेबांनी विचारलं, ‘‘मग निदान स्टिकर तरी पोपटी करता येईल का?’’ स्टिकर केला. तो उन्हानं पहिल्या उन्हाळ्यातच पांढरा झाला आणि कुणाचीच हरकत आली नाही.

धातूचा फिल्टर घ्यावा तर त्याच्या तऱ्हा निराळ्या. ठिबकच्या ड्रिपरमध्ये क्षार बसले, की शेतकरी नळ्यांतून ॲसिड सोडतो. ते करावंच लागतं. पण मिठाच्या ॲसिडाचं आणि स्टेनलेस स्टीलचं पटत नाही. नावात ‘डाग न पडणारं’ असं असूनही त्या जाळीला टाचणीच्या टोकाएवढी भोकं पडतात, आणि जाळीला आधीच असलेल्या लाखभर भोकांत ही नवी चार कुणाच्या लक्षात येत नाहीत. पितळेचा कॉक लावला तर तो गंजत नाही, चोरीला जातो. एका गावात ओळीनं सगळ्या बांधांवरचे पितळी कॉक एका रात्रीत गेले. प्लॅस्टिकच्या कॉकला कुणी हातही लावला नाही. भंगारात किंमत नसणं हासुद्धा टिकाऊपणाचाच एक प्रकार आहे, हे अभियांत्रिकीच्या पुस्तकात कुठे लिहिलेलं मी वाचलेलं नाही.

मग जनावरं. खारी आणि उंदीर नळ्या कुरतडतात, हे सर्वांना माहीत आहे. कुंभारमाशी तेवढी माहीत नसते. हवा बाहेर सोडण्यासाठी पाइपावर जो छोटा व्हॉल्व्ह असतो, त्याचं तोंड ही माशी मोठ्या निगुतीनं चिखलानं लिंपते आणि आत अंडी घालते. तिच्या दृष्टीनं आम्ही तयार घरं वाटत सुटलो आहोत. व्हॉल्व्हचं तोंड खाली वळवलं, वर बारीक जाळी दिली, तरी ती येते. तिच्या चिकाटीनं आमच्या खात्यात कुणी काम केलं असतं तर आम्ही बरेच पुढे असतो.

पण एवढं सगळं, ऊन, ॲसिड, चोर आणि माश्या, सांभाळून झाल्यावरही फिल्टर मरतोच, आणि तो वेगळ्याच कारणानं. ते कारण समजून घ्यायला रात्री शेतात जावं लागतं.

शेतीची लाईट पाळीनं येते, काही दिवस दिवसा, काही दिवस रात्री. रात्रपाळीच्या दिवसांत निफाडकडच्या आबा-काकूंच्या द्राक्षबागेत मी थांबलो होतो. थंडी होती. बाराच्या पुढे मोटर सुरू झाली, पाणी सुटलं आणि थोड्याच वेळात शेवटच्या ओळींना पाणी येईनासं झालं. ‘‘चोकअप झालं बघा,’’ असं म्हणत आबा उठले, मागोमाग काकू बॅटरी घेऊन. फिल्टरच्या आधी आणि नंतर असे दोन प्रेशर गेज असतात. दोन्हींतला फरक अर्ध्या किलोच्या वर गेला, की फिल्टर धुवायचा, असं आमच्या माहितीपत्रकात ठळक अक्षरांत छापलं आहे. आबांच्या दोन्ही गेजच्या काचा आतून घामेजलेल्या होत्या. एका गेजचा काटा दीड किलोवर होता. आबांनी मोटर बंद केली तरी तो दीड किलोवरच राहिला. ‘‘तो दोन वर्सं झाली तितंच हाय,’’ आबा म्हणाले, अगदी आपुलकीनं.

क्लॅम्प ढिला करायला त्यांनी हात लावला, तो फिरेना. शेतात अशा वेळी पाना शोधत नाहीत, दगड शोधतात. दोन ठोक्यांत क्लॅम्प निघाला. झाकण उचललं तसा तळ्याचा तो ओला, कुबट, थोडा माशाचा वास आला. आत चकत्यांची चळत. प्रत्येक चकतीवर बारीक तिरप्या रेघा, आणि दोन चकत्या एकमेकींवर बसल्या की रेघांची जाळी होते, त्यातून पाणी गाळून जातं. सध्या रेघा दिसतच नव्हत्या. हिरवा बुळबुळीत लगदा, त्यात तांदळाच्या दाण्याहून लहान गोगलगाईंचे शंख. काकूंनी बॅटरी तोंडात धरली आणि दोन्ही हातांनी चकत्या बादलीत खळबळायला लागल्या. गार पाण्यात बोटं लाल झालेली. एकीकडे उसाच्या दिशेनं काही खसफसलं, तसे तिघंही थांबलो. त्या भागात हल्ली बिबट्याचं नाव कुणी घेत नाही, नुसतं ‘ते’ म्हणतात. ते नव्हतं. परत चकत्या.

सगळं धुऊन झाल्यावर झाकण लावायच्या वेळी वायसर सापडेना. झाकणाबरोबर उचलला गेला होता आणि कुठेतरी पडला होता. काळा वायसर, काळी माती, काळी रात्र. तिघं वाकून चाचपत होतो. शेवटी आबांनी खोपीतून सायकलची जुनी ट्यूब आणली, कातरीनं गोल कापली आणि बसवली. ‘‘साहेब, तुमच्यापेक्षा ही टिकती,’’ ते म्हणाले. खरं सांगायचं तर ट्यूब ब्युटाइल रबराची असेल, तर ऊन-वारा सोसायला ते रबर चांगलं चिवट असतं. स्वस्तातले वायसर नायट्रिल रबराचे असतात. ते तेलाला उत्तम, पण उघड्या हवेवर त्याला तडे जातात. तेव्हा आबांच्या बोलण्यात तथ्य होतं आणि मी मान हलवली.

परत आल्यावर मी ईपीडीएम रबराचा वायसर मागवला, तो झाकणातच खोबणीत अडकून राहील असं केलं, आणि त्याला रंग दिला. वायसर झाकणाच्या आत असतो, त्याला ऊन लागत नाही, त्यामुळे तिथे काजळीची सक्ती नाही. रंग कुठला द्यावा यावर फार चर्चा झाली नाही. विक्री विभागाकडे पोपटी रंगाचं एक पोतं पडून होतंच.

आता मूळ कारणाकडे येतो. गावोगाव फिरताना मी फिल्टर बाहेरून बघत नाही, उघडून बघतो. आणि कितीतरी वेळा आत काहीच नसतं. टाकी उभी, झाकण लावलेलं, क्लॅम्प घट्ट, रंगरंगोटी ठीक. आतली जाळी गायब. ती गोठ्याच्या वळचणीला टांगलेली असते, किंवा कोंबडीच्या पिलांवर झाकलेली. का काढली? ‘‘पाणी येत नव्हतं.’’ दर दोन तासांनी फिल्टर उघडायचा, तोही रात्री, तोही दगडानं. माणूस आठवडाभर करतो, मग एका रात्री जाळी काढून ठेवतो. त्या रात्री पाणी झक्क येतं. महिन्याभरानं ड्रिपर बुजायला लागतात, पण तोवर दोष कंपनीच्या ड्रिपरचा झालेला असतो.

म्हणजे आमच्या प्रयोगशाळेत वीस वर्षं टिकेल असा दाखला मिळालेला फिल्टर शेतात आठवडाभर टिकला. त्याचं काही तुटलं नाही, गंजलं नाही, माणसं त्याला कंटाळली.

हे ध्यानात आल्यापासून माझी कामाची दिशा बदलली. ठिबकसाठी साधारण नियम असा, की ड्रिपरच्या वाटेच्या एकदशांशाहून मोठा कण पुढे जाऊ देऊ नये. एक मिलिमीटरभर वाट असेल तर शंभर-सव्वाशे मायक्रॉन, म्हणजे बाजारात ज्याला एकशेवीस मेश म्हणतात ती जाळी. इथपर्यंत ठीक. पण ग्राहकाला वाटतं, जितकं बारीक तितकं चांगलं, आणि दुकानदारही तसंच सांगतो. मग दोनशे मेश बसवली जाते, ती दुप्पट वेगानं बुजते आणि पिलांवर झाकायला जाते. गरजेपुरती जाडी जाळी आणि भरपूर क्षेत्रफळ, हा त्यावरचा इलाज. यातलं गणित मला फार आवडतं. गाळाचा थर जाळीवर साचत जातो तेव्हा पाण्याचा प्रवाह तोच ठेवून क्षेत्रफळ दुप्पट केलं, तर दोन धुण्यांमधला वेळ दुप्पट होत नाही, चौपट होतो. निदान कागदावर. कारण गाळ दुप्पट जागेत पसरतो म्हणून थर निम्मा, आणि प्रत्येक भागातून पाणीही निम्म्या वेगानं जातं. शेतात चौपट नाही झाला तरी अडीच-तीनपट होतो. थोडं जास्त प्लॅस्टिक घातलं, की आबा-काकूंची रात्रीची झोप वाढते. हिशेब विभागाला मात्र यातलं फक्त ‘जास्त प्लॅस्टिक’ एवढंच दिसतं.

जुन्या लोकांना हे गणित न मांडता कळलं होतं. स्कॉटलंडमधल्या पेझ्ली गावात जॉन गिब नावाच्या माणसाचा कापड धुऊन शुभ्र करायचा कारखाना होता. नदीचं पाणी गढूळ, कापड शुभ्र व्हायचं कसं? म्हणून १८०४ साली त्यानं वाळूचा फिल्टर बांधला आणि कारखान्याला पुरून उरलेलं पाणी गावात विकलं. १८२९ मध्ये लंडनच्या चेल्सी वॉटरवर्क्ससाठी जेम्स सिम्पसननं तोच प्रकार मोठ्या प्रमाणावर केला. उघड्यावरचे मोठाले हौद, त्यात वाळूचा जाड थर, त्यावर पाणी. पाणी वाळूतून तासाला जेमतेम दहा-वीस सेंटिमीटर उतरतं. इतकं सावकाश, की आजच्या कुठल्याही बैठकीत हा आराखडा पहिल्याच पानावर नापास होईल. पण हौद प्रचंड असल्यामुळे धुणं फार दिवसांनी करावं लागतं, आणि करायचं म्हणजे वरचा इंच-अर्धा इंच थर खरवडून काढायचा. त्याला एक फावडं आणि एक माणूस पुरतो.

गंमत पुढे आहे. नवाकोरा वाळूचा हौद नीट गाळत नाही. काही आठवडे जावे लागतात. वाळूच्या माथ्यावर जिवाणूंचा, शेवाळाचा, सूक्ष्म जिवांचा एक चिकट थर तयार होतो आणि पाण्यातले रोगजंतू तो थर खाऊन टाकतो. म्हणजे जी घाण आपण घालवायला निघालो, तिच्यातूनच काम करणारी मंडळी भरती होतात. हौद असा मुरला, की मगच त्याच्यावर विसंबायचं. १८९२ मध्ये जर्मनीत हँबुर्ग शहरात कॉलरा आला आणि साडेआठ हजारांहून अधिक माणसं दगावली. शेजारचं आल्टोना त्याच एल्ब नदीचं पाणी पीत होतं, तेही हँबुर्गची घाण मिसळल्यानंतरचं. पण आल्टोनाचं पाणी वाळूतून गाळलेलं होतं, हँबुर्गचं नव्हतं. दोन्ही शहरांची हद्द काही ठिकाणी एकाच रस्त्यावर होती; रस्त्याच्या एका बाजूला साथ, दुसऱ्या बाजूला नाही. जंतुशास्त्रज्ञ रॉबर्ट कॉखनं हे तपासलं आणि फिल्टरची उपयुक्तता विचारणाऱ्यांची तोंडं बंद झाली. हँबुर्गनं पुढच्याच वर्षी आपले वाळूचे हौद सुरू केले. शेजाऱ्याकडे बघून शहाणपण सुचायला कधी कधी एवढी किंमत मोजावी लागते.

आमच्या धंद्यात ‘नवं ते चांगलं’ ही श्रद्धा असल्यामुळे मुरलेल्या वस्तूंचं आम्हाला जरा वावडंच. तरी एक उदाहरण मी नव्या मुलांना हटकून सांगतो. बांगलादेशात मतलब नावाचा भाग आहे, तिथे कॉलरा दरवर्षीचा. जळण महाग, त्यामुळे पाणी उकळणं परवडत नाही. अमेरिकन शास्त्रज्ञ रिटा कोलवेल आणि त्यांचे बांगलादेशी सहकारी अन्वर हक यांनी दाखवून दिलं होतं, की कॉलऱ्याचे जंतू पाण्यातल्या डोळ्यांना जेमतेम दिसणाऱ्या प्लवकांना चिकटून राहतात. जंतू पकडता येत नसला तरी प्लवक पकडता येतो. मग पासष्ट गावांत त्यांनी प्रयोग केला. काही गावांतल्या बायकांना सांगितलं, की जुनी सुती साडी चार वेळा तरी दुमडून कळशीच्या तोंडावर धरा आणि पाणी त्यातून ओता. काहींना नायलॉनची खास जाळी दिली. काही गावांना काहीच नाही. २००३ साली निष्कर्ष छापून आले. साडी वापरणाऱ्या गावांत कॉलरा अठ्ठेचाळीस टक्क्यांनी कमी झाला होता.

यात मला सर्वांत आवडणारी गोष्ट अशी, की नवी साडी तितकी चालत नाही. जुनी लागते. धुऊन धुऊन सुताचे तंतू पिंजारतात, वाणा-ताणामधली भोकं लहान होतात आणि चार पदरांची जाळी वीस मायक्रॉनपर्यंत येते. वापरानं सुधारणारा फिल्टर! आमच्या कारखान्यात कुणी असा प्रस्ताव आणला असता तर त्याला आधी वैद्यकीय रजेवर पाठवलं असतं. आपल्या आज्यांना यात नवल वाटलं नसतं. सुती लुगड्याला त्या कधी निवृत्त करतच नसत. नेसून विरलं की दुपटी, मग गोधडीचा पदर, मग हंड्यावरचं फडकं, आणि सगळ्यांत शेवटी चुलीजवळचं धरणं. त्यातल्या हंड्यावरच्या नेमणुकीला ते पूर्ण मुरल्यावरच पोचायचं. धुणं सोपं: उलटं करून झटकायचं, पाण्यातून काढायचं, उन्हात वाळत घालायचं. ज्या उन्हानं माझं झाकण फुटतं, तेच ऊन तिथे जंतू मारतं. पाच वर्षांनी संशोधक परत त्या गावांत गेले. आग्रह करणारं आता कुणी नव्हतं, तरी सुमारे एकतीस टक्के बायका पाणी गाळत होत्या. काही जण म्हणतात, फक्त एकतीस? वळचणीला टांगलेल्या माझ्या जाळ्या ज्यांनी पाहिल्या आहेत त्यांना हा आकडा थोर वाटेल.

न बुजणारा फिल्टर तयारच करता येणार नाही का, असं नवी मुलं विचारतात. समुद्रात तो आहे. आपले कोळी ज्याला पाकट म्हणतात, त्याच्या भाऊबंदांत मांटा रे नावाचा अवाढव्य मासा येतो. तोंड उघडं टाकून पोहत जातो आणि पाण्यातले बारीक जीव गाळून खातो. त्याच्या कल्ल्यांजवळच्या फटी त्याच्या घासापेक्षा मोठ्या असतात, तरी घास निसटत नाही आणि फटी बुजतही नाहीत. २०१८ साली अमेरिकेतल्या संशोधकांनी त्याचं कोडं सोडवलं. फटींच्या तोंडाशी पाणी असं भोवऱ्यात फिरतं, की कण तिथे आपटून उसळतो आणि पुढे घशाकडे जातो. पाणी मात्र फटीतून वळून निघून जातं. कण अडकतच नाही, त्यामुळे धुण्याचा प्रश्न नाही. आम्हीही कण जाळीवर सरळ न आपटता तिच्या अंगालगत सरकत जावा, असे आराखडे काढतो. विहिरीच्या वाळूसाठीचा हायड्रोसायक्लोन तर पाणी गरगर फिरवूनच वाळू खाली पाडतो, त्यात जाळीच नसते. पण मांटा रेची खरी सोय अशी आहे, की फिल्टरही त्याचा, पोटही त्याचं आणि रात्रपाळी नाही.

राहिला गाळ. गाळलेल्या पाण्याकडे सगळे बघतात, गाळाकडे कुणी बघत नाही. बॅकवॉशचं, म्हणजे फिल्टर धुतल्यावर निघणारं, गढूळ पाणी कुठे सोडायचं, हे आमच्या आराखड्यात पूर्वी नसायचंच. एक बाण काढून ‘बाहेर’ असं लिहिलेलं असायचं. बाहेर म्हणजे बहुधा शेजाऱ्याचा बांध. त्यावरून झालेली भांडणं मी मिटवली आहेत. आपल्याकडच्या जैन घरांत पाणी गाळण्याची जुनी रीत आहे, ती या बाबतीत आमच्याहून पुढे. दुपदरी कापडातून पाणी गाळायचं, आणि कापडावर राहिलेले जीव ज्या विहिरीचे त्याच विहिरीत अलगद परत सोडायचे. भावना अहिंसेची, पण गाळाचा पत्ता आधी ठरवून मग गाळायला बसणारा डिझायनर मला तिथे दिसतो. शेततळ्यातला गाळ तर खतच असतो. आता मी बॅकवॉशची नळी शेजारच्या आंब्याच्या आळ्यापर्यंत जाईल एवढी लांब देतो. हिशेब विभागानं नळीची लांबी दोनदा कापली आहे, मी तीनदा वाढवली आहे.

हे सगळं वाचून कुणाला फिल्टर घ्यायची वेळ आलीच, ठिबकला, छपरावरच्या पावसाच्या पाण्याला, कशालाही, तर एक विनंती आहे. दुकानात गेल्यावर मायक्रॉन नंतर विचारा, वॉरंटी त्याहून नंतर. आधी दुकानदाराला म्हणा, ‘‘हा उघडून दाखव, जाळी काढून धुऊन दाखव आणि पाना न वापरता परत बंद करून दाखव.’’ त्याला जमलं, तर वायसर सुटा मिळतो का ते विचारा, आणि मिळत असेल तर दोन जास्तीचे घेऊन ठेवा. जमलं नाही, तर तो फिल्टर कितीही चकचकीत असला तरी तिथेच ठेवून या.